उभ्याचा डगला

टेपबाईंना माणसाचं तोंड लक्षात राहत नसे, माप राहत असे. रस्त्यात कोणी हसत "काय टेपबाई, ओळखलं का?" म्हणून समोर उभं राहिलं, की त्या आधी त्याच्या खांद्यांकडे बघायच्या, मग कमरेकडे, आणि मग म्हणायच्या, "हो तर. छाती बेचाळीस, बाही तेवीस, डावा हात अर्धा इंच लांब. तुमच्या लग्नाचा कोट माझ्याकडचाच." ऐकायला गंमत वाटते, पण मधल्या काळात ज्याचं पोट सुटलेलं असे तो बिचारा त्यांना लांबून बघितलं की गल्ली बदलायचा. गळ्यात सदानकदा टेप. खरं नाव काय ते फक्त पोस्टमनला माहीत.

दुकान म्हणजे राहत्या घराचीच पुढची खोली. दोन मशिनं, त्यातलं एक वडिलांच्या वेळचं पायाचं. कापड बेतायचं लांब टेबल, त्याच्या कोपऱ्यात कधीतरी इस्त्री विसरल्याचा काळा डाग. भिंतीला खिळे आणि खिळ्यांना अर्धवट शिवलेले कपडे. खिडकीशी बुटक्या स्टुलावर धाकटी बहीण बसायची. काजं, बटणं, अस्तराची हातशिलाई, दुमड घालणं, जे जे हाताने करायचं ते तिचं. तोंडही तिचंच. सकाळी दार उघडलं की जी सुरू व्हायची ती दिवे लागेपर्यंत. टेपबाईंचं नेमकं उलट. तोंडात टाचण्या धरायची सवय, त्यामुळे बोलणं बेतास बात. शहरात चार वर्षं संसार करून एका बॅगेनिशी परत आल्या, तेव्हा धाकटीने विचारलं होतं काय झालं म्हणून. "जमलं नाही," एवढंच उत्तर मिळालं, आणि त्याच्यावर तीस वर्षं निघाली. धाकटीने लग्नच केलं नाही. विषय निघाला की नाक मुरडायची आणि म्हणायची, घरात एकीने करून बघितलंय ना, पुरे.

आता उभ्याचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. गावाच्या वरच्या अंगाला, शेवटचं घर संपून मेंढ्यांची कुरणं लागतात, तिथे उघड्या माळावर एक दगड उभा आहे. करडा, उंच, वरच्या बाजूला थोडा निमुळता, त्याखाली दोन्हीकडे खांद्यासारखे उतार. तसला दगड आसपास दुसरा नाही. गाव त्याला उभा म्हणतं. विद्यापीठातून एक बाई आल्या होत्या, तंबू ठोकून आठवडाभर राहिल्या, आणि त्यांनी सांगितलं की चार हजार वर्षं तरी झाली असतील, लोखंड ठाऊक नसलेल्या माणसांनी तो उभा केला. कशासाठी ते त्यांना सांगता आलं नाही. गावाला अर्थातच सगळं ठाऊक होतं. एक मेंढपाळ आपल्या माणसांबरोबर ऐन थंडीत डोंगर उतरत होता. कोणीतरी कुडकुडत होतं म्हणून याने अंगातला डगला काढून दिला, "तुम्ही व्हा पुढे, कोणीतरी डगला घेऊन परत या, तोवर मी इथेच आहे" म्हणाला आणि उभा राहिला. माणसं खाली आली, चुली पेटल्या, घरं झाली, गाव झालं. परत जायचं राहून गेलं.

म्हणून दर वर्षी थंडी पडायच्या आधी उभ्याला नवा डगला. बाह्या नसतात, जाड कापडाचा, पुढून बटणांचा, खांद्यापासून जमिनीपर्यंत. आणि ज्या वर्षी डगला मिळणार नाही त्या वर्षी तो स्वतः खाली येऊन घेऊन जातो. डगल्यात माणूस असलं तर माणसासकट. हे सांगताना लोक हसतात. शाळेचे मास्तर तर कानावर हात ठेवतात, या अडाणीपणाशी आपला काही संबंध नाही म्हणून. पण डगल्याचं कापड द्यायची पाळी ज्याच्या घरावर येते तो आठ दिवस आधीच आणून देतो, आणि मास्तरांच्या घरचं कापड सगळ्यांत भारी असतं.

कारण एकदा डगला राहिला होता. टेपबाई तेव्हा नऊ वर्षांच्या होत्या. वडिलांचा उजवा हात मोडला होता, आणि दुसरा शिंपी गावात नाही. लोक म्हणाले, जाऊ द्या हो, एक वर्ष. पहिली थंडी पडली त्या दिवशी सकाळी गावातल्या सगळ्या दोऱ्या रिकाम्या होत्या. वाळत घातलेला एकही कपडा जागेवर नव्हता, चिमटे मात्र ओळीने दोरीवर तसेच. त्या हिवाळ्यात पाच जण गेले. वडील मोडक्या हाताने, डाव्या हाताला सुई बांधून, सहाव्याच्या आधी डगला पुरा करायला बसले.

वडिलांकडून टेपबाईंनी काम उचललं, आणि एकोणिसाव्या वर्षी उभ्याचं माप घ्यायचं कामही त्यांच्याकडे आलं. वडिलांनी तेव्हा बजावून सांगितलं होतं. माप दर वर्षी नव्याने घ्यायचं, गेल्या वर्षीच्या अंदाजाने शिवायचं नाही. डोक्यात धरून आणायचं, डगला शिवला की विसरायचं. लिहायचं मात्र नाही. आता शिंप्याच्या मुलीला माप लिहू नको म्हणणं म्हणजे माशाला पोहू नको म्हणण्यासारखं. टेपबाईंनी पहिल्याच वर्षी वहीच्या शेवटच्या पानावर आकडे लिहिले. घेर, उंची, खांदा. घोळ नको म्हणून तारीखही घातली.

दुसऱ्या वर्षी आकडे वेगळे आले. तिसऱ्या वर्षी आणखी वेगळे. आधी त्यांना वाटलं आपला हात कच्चा आहे. विद्यापीठातल्या बाईंचंही तसंच झालं होतं. त्या एक दिवस दुकानात आल्या, म्हणाल्या, "नवा टेप मिळेल का? माझा बिघडलाय. सोमवारी दगडाचा घेर वेगळा येतो, गुरुवारी वेगळा." टेपबाईंनी त्यांना आपल्याजवळचा एक टेप दिला आणि टाचण्या पुन्हा तोंडात धरल्या.

खरं सांगायचं तर माप घेतानाच त्यांना कळलं होतं. भर दुपारी जायचं, माळावर चिटपाखरू नसतं. टेप मागून फिरवून पुढे आणायचा, म्हणजे दगडाला मिठीच मारावी लागते. कुठलंही गिऱ्हाईक कमरेला टेप लागला की पोट आत ओढतं, हे शिंप्याला पाठ असतं. म्हणून सवयीने तोंडून निघून जातं, श्वास सोडा. टेपबाई दगडालाही एकदा तसंच म्हणाल्या. आणि टेप हातात अर्धा इंच घट्ट झाला. आकडा त्यांनी लिहिला, सुटलेल्या श्वासाचाच.

वडिलांचं वर्ष आलं तेव्हा टेपबाई तेवीस वर्षांच्या होत्या. माप घेऊन आल्या, आकडे सांगितले. घेर चाळीस, उंची पंचावन्न, उजवा खांदा पुढे. वडील थोडा वेळ खडू हातात धरून बसले. मग म्हणाले, "आण ते कापड." टेप न लावता, माप न बघता त्यांनी डगला कापला, आणि तो डगला उभ्याला असा बसला की कुठे सुरकुती नाही. दोन महिन्यांनी ते गेले. त्यांना घालायला कोट शोधताना टेपबाईंच्या हातात टेप होता, आणि त्या एकदम खाली बसल्या. चाळीस, पंचावन्न, उजवा खांदा पुढे. मग वही काढली. आधीचं वर्ष, पाववाला. त्याआधी, शाळेची शिपाईण. त्याआधी, नदीपलीकडचा सुतार. एकेक माप, एकेक माणूस, आणि पुढचा हिवाळा बघायला त्यातलं एकही उरलेलं नाही.

आई त्या दिवशी म्हणाली ते त्यांच्या डोक्यात कायमचं बसलं. "तुझ्या बाबांनी एकदा माप बदललं होतं गं. तू लहान होतीस. माझं माप आलं होतं. त्यांनी चांगला आठ इंच मोठा शिवला, कोणालाच येणार नाही असा. आणि गिरणीवाला गेला. आठवतो का तो? लठ्ठ, हसरा. तुझे बाबा त्यानंतर कधी गिरणीत गेले नाहीत, मलाच पाठवायचे. म्हणायचे, जगात असं माप नाही जे कोणाला ना कोणाला बसत नाही." ती स्वतः पुढे अकरा वर्षं जगली, आणि गिरणीवरून जाताना मान खाली घालून जायची.

टेपबाईंनी मग कधीच माप बदललं नाही. पस्तीस वर्षं, शहरात होत्या तेव्हाही थंडीआधी तेवढ्यापुरतं गावी येऊन, त्यांनी आकडा आणला तसा डगला शिवला, आणि तो कोणाचा आहे ते कळलं तरी तोंडातून टाचणी काढली नाही. सांगून करणार काय? माणसाला सांगायचं, की तुझा डगला तयार आहे? त्या माणसाने काही शिवायला टाकलं असलं तर ते लवकर करून द्यायच्या, एवढंच. गावात म्हणायचे, टेपबाईंची तारीख म्हणजे तारीख, कधीकधी तर आधीच देतात. शिव्या द्याव्यात असं वाटणारी माणसंही त्या यादीत होती आणि जिवापाड प्रेम असलेलीही. आईचं माप दुसऱ्यांदा आलं तेव्हा त्यांनी रडत रडत कापलं, पण बरोबर कापलं.

मग ते वर्ष आलं. दुपारची वेळ, ऊन चांगलं होतं. टेपबाई वर गेल्या, टेप फिरवला. घेर चौतीस. उंची त्रेपन्न. डावा खांदा पाऊण इंच खाली. तो पाऊण इंच त्यांच्या ओळखीचा होता. धाकटी सहा वर्षांची असताना झाडावरून पडली होती, तेव्हापासून तिचा डावा खांदा पाऊण इंच खाली होता. चाळीस वर्षं तिचा प्रत्येक कपडा टेपबाईंनी तो पाऊण इंच धरून शिवला होता. गावात दुसऱ्या कोणाचा तसा खांदा नव्हता. त्यांनी तीनदा माप घेतलं. मग टेप गुंडाळून तिथेच गवतावर बसल्या आणि दगडाला म्हणाल्या, "ही नाही. दुसरं काहीही माग." दगड काय बोलणार. वारा पडला होता, आणि त्यांना वाटलं की तो ऐकतोय.

घरी आल्या तर धाकटी नेहमीप्रमाणे सुरूच होती. पोस्टमनच्या बायकोने दुकानात शिकायला येऊन दोन वर्षं झाली तरी तिला धड गळा कापता येत नाही, इथपासून ते चहात साखर कमी का, इथपर्यंत. टेपबाईंनी कापड पसरलं. डोक्यात एकच हिशोब: दुसऱ्या कोणाचं माप घेतलं तर गिरणीवाल्याचं पाप आपल्याही माथी. आपलं स्वतःचं घेतलं तर ते आपलं आपण. घेर अडतीस, उंची एकोणपन्नास, पाठीला थोडा पोक, हा चाळीस वर्षं मशीनवर वाकल्याचा. असं अंग गावात आपलं एकटीचंच. त्यांनी खडूने रेघा मारल्या आणि कापला.  मशीन मारून डगला धाकटीकडे टाकला, बटणं आणि खालची दुमड राहिली होती.

तिसऱ्या दिवशी डगला तयार म्हणून धाकटीने टेबलावर ठेवला. टेपबाईंनी उचलला आणि त्यांना हाताच्या वजनावरूनच काहीतरी वेगळं वाटलं. उलटा केला. बाजूच्या शिवणी उसवून पुन्हा घातल्या होत्या, हाताने. धाकटीचा टाका डावीकडे कलतो. लाख टाक्यांत ओळखू येईल.

"हे काय केलंस?"

"काय केलं? दुमड घातली."

"बाजू आत घेतलीस, चार इंच. आणि खालची दुमड सगळी सोडून लांब केलास."

धाकटीने सुईत दोरा ओवायचं काही थांबवलं नाही. "तू चुकीचा कापला होतास, मी बरोबर केला."

"तुला माप कोणी सांगितलं?"

"ताई, तू मला काय नुसती बटणं लावणारी समजतेस? वरून आलीस त्या दिवसापासून तू माझ्याकडे बघत नाहीस. पाठमोरी जेवतेस. आणि वही कुठे ठेवतेस ते मला माहीत नसेल असं वाटतं तुला? आई गेली त्याच वर्षी वाचली मी ती. तेव्हापासून दर वर्षी वाचते."

टेपबाईंच्या तोंडातून टाचण्या खाली पडल्या. इतकी वर्षं जे ओझं एकटीने वाहतोय असं त्यांना वाटत होतं ते खिडकीतल्या स्टुलावरही बसलेलं होतं, आणि तरी ती बाई दिवसभर बडबडत होती. कदाचित म्हणूनच बडबडत होती.

"दे तो इकडे," टेपबाई म्हणाल्या. "उसवते."

"हात लावून तर बघ."

दोन म्हाताऱ्या बायका एका डगल्याची दोन टोकं धरून ओढायला लागल्या. पन्नाशी उलटलेल्या. कापड मास्तरांच्या घरचं, भारी; फाटेना. शेवटी शिवण उसवली, करकर आवाज आला, दोघी दोन बाजूंना पडता पडता वाचल्या, आणि धाकटीला हसू फुटलं. हसता हसता रडू आलं. "मी इथे एकटी काय करू गं?" ती म्हणाली. "तू गेलीस तर मी बोलू कोणाशी?"

"आणि मी कोणाचं ऐकू?" टेपबाई म्हणाल्या. जन्मात पहिल्यांदा.

मग दोघी टेबलाशी बसल्या. धाकटीने आपल्या स्वभावाप्रमाणे विषय काढूनच बघितला, पोस्टमनची सासू आता नव्वदीची, तिचं माप घेतलं तर? टेपबाई म्हणाल्या, "तिचं माप शाळेतल्या पाचवीच्या तीन पोरींना बसतं. दगडाला माप कळतं, वय कळत नाही." धाकटीने ती सासू सोडून दिली. थोड्या वेळाने म्हणाली, "मग कोणालाच येणार नाही असा शिव. बाबांनी नुसता मोठा शिवला, तिथे चुकले. मोठं माणूस असतंच. आपण असा शिवू, की तसं माणूस होऊच शकत नाही. आपल्या दोघींचा मिळून एक. एक खांदा वर, एक खाली, खालची कडही तशीच तिरकी. आहे का तसं कोणी?"

टेपबाईंनी डोळे मिटले आणि गावातली सगळी मापं नजरेखालून घातली. नव्हतं. नदीपलीकडेही नव्हतं. कुठेच असणं शक्य नव्हतं. त्यांना इतका आनंद झाला की त्यांनी धाकटीच्या पाठीत धपाटा घातला.

इथे एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. शिंप्याला मनानेच आकडा काढून कापता येत नाही. दुसरा कोणी म्हणाला असता, लिहा साठ, टाका कापून. पण ज्या हाताने आयुष्यभर अंगावरून माप घेतलं तो हात अंगाशिवाय कात्री उचलत नाही. म्हणून दोघी आरशासमोर शेजारी शेजारी, एकमेकींना चिकटून उभ्या राहिल्या. धाकटीने ताईच्या खांद्यावर हात टाकला. टेपबाईंनी दोघींच्या मागून टेप फिरवून पुढे आणला. टेप साठ इंचांचा. दोन इंच उरले. "श्वास सोड," टेपबाई म्हणाल्या. दोघींनी सोडला. अठ्ठावन्न. उंची एका बाजूला एकोणपन्नास, दुसऱ्या बाजूला त्रेपन्न. पाऊण इंचही धरला, सवयीने. जुन्या डगल्याचं कापड पुरेना, घरातल्या पडद्याचं जोडलं.

दुसऱ्या दिवशी तो डगला उभ्यावर चढवला तेव्हा बघायला आलेल्या लोकांची हसून पुरेवाट झाली. चौतीस घेराच्या दगडावर अठ्ठावन्नचा डगला, एकीकडून लोंबतोय, वारा आला की शिडासारखा फुगतोय. मास्तर म्हणाले, टेपबाईंची नजर गेली. टेपबाईंनी ऐकून घेतलं. आयुष्यात पहिल्यांदा न बसणारा कपडा हातून गेला होता, आणि त्यांना सगळ्यांना मिठ्या माराव्यात असं वाटत होतं.

आणि त्या वर्षी गावात कोणी गेलं नाही. एकही माणूस नाही. पोस्टमनची सासू न्यूमोनियातून उठून बसली आणि जेवायला मागू लागली. सुताराचा मुलगा छपरावरून पडला तो गवताच्या गंजीवर. डॉक्टर म्हणाले, असंच चाललं तर मला दुसरा धंदा बघावा लागेल. दुकानात तर नुसता आनंद. टेपबाई बोलायला लागल्या. शहरातल्या चार वर्षांचं सगळं सांगितलं धाकटीला, आठवडाभर पुरलं ते. धाकटी कटिंग शिकली, ताई हसत हसत तिच्या चुका दाखवायची. पोस्टमनच्या बायकोलाही एकदाचा गळा कापता आला. संध्याकाळी दोघी दारात खुर्च्या टाकून बसायच्या आणि येणाऱ्याजाणाऱ्याची मापं ओळखायची पैज लावायच्या.

वर्ष फिरलं, थंडीची चाहूल लागली. या वेळी धाकटी म्हणाली, मीही येते वर. गुडघे दुखत होते तरी आली. कुरणाच्या फाटकाशी दोघी दम खायला थांबल्या. चांगला वारा होता. गवत आडवं पडत होतं, धाकटीच्या डोक्यावरचा रुमाल उडून चालला होता. डगला हलत नव्हता.

"भिजून जड झाला असेल," धाकटी म्हणाली.

पंधरा दिवसांत पाऊस नव्हता, हे दोघींना ठाऊक होतं. जवळ गेल्या. डगला भरला होता. कुठे सुरकुती नाही, कुठे ओढ नाही. बटणं आपापल्या काजांत सरळ बसलेली, तिरकी कड दोन्ही बाजूंनी जमिनीला नेमकी टेकलेली. टेपबाईंनी बटणं काढली. आत दगड रुंद झाला होता. वर एक टोक नव्हतं, दोन होती. एक बुटकं, पाठीला पोक असलेलं, आणि त्याला चिकटून एक उंच, डावा खांदा पाऊण इंच खाली. उंचाकडून एक उंचवटा बुटक्याच्या खांद्यावर आलेला होता, हात टाकल्यासारखा. टेप लावायची गरजच नव्हती. तरी टेपबाईंनी लावला. दोन इंच उरले.

धाकटीने दगडावर आपला पाऊण इंच शोधला आणि त्यावर बोट ठेवून बघितलं. "ऊबदार आहे गं," ती म्हणाली.

टेपबाईंनी टेप गुंडाळला. मग टेपबाई म्हणाल्या, "आज काहीही शिवता येईल. एखादा कमी घेराचा. माझ्या हातात आहे."

"आणि तो बसेल कोणाला?"

"बसेल कोणालातरी."

धाकटीने मान हलवली. "नको. आईसारखं मान खाली घालून जायला मला जमायचं नाही. माझी मान दुखते." मग तिने विचारलं, आणि हे विचारताना तिचा आवाज लहान मुलीसारखा झाला होता, "दोघींना एकदमच ना? नक्की? पुढेमागे नाही?"

टेपबाईंनी दगडाकडे शिंप्याच्या नजरेने बघितलं. शिवण कुठे आहे का, दोन तुकडे जोडलेत का, हे हात फिरवून तपासलं. कुठेच जोड नव्हता. "एकदमच," त्या म्हणाल्या. "एकच कापड आहे."

"मग ठीक आहे." धाकटी दगडाला पाठ टेकून खाली बसली आणि तिने सुस्कारा सोडला. "एक सांगू ताई? गेलं वर्षभर मला मरणाची भीती नव्हती. तू मला मागे ठेवशील, याचीच होती. रोज सकाळी तू आधी उठलीस की नाही ते मी ऐकायचे."

"मीही तुझं ऐकायचे," टेपबाई म्हणाल्या, आणि तिच्याशेजारी बसल्या.

खाली आल्यावर त्यांनी पोस्टमनच्या बायकोला बोलावून सांगितलं की पुढच्या वर्षी उभ्याचं माप तिने घ्यायचं, आणि कसं घ्यायचं ते दाखवलं. मग धाकटीने कापड आणलं, टेपबाईंनी खडू घेतला, आणि दोघींनी मिळून डगला कापला, अठ्ठावन्न घेराचा, अस्तर चांगलं जाड लावून, कारण यंदा थंडी फार पडणार असं सगळे म्हणत होते.